चुकून राहिलेलं पाचवं प्रकरण

माझ्या कॉम्प्युटरवर एक फाइल आहे, तिचं नाव 'घटना नमुना नवीन फायनल दोन'. जळगावला कोर्टाच्या मागच्या गल्लीत टायपिंगचं दुकान चालवताना मी जेवढ्या संस्था जन्माला घातल्या, त्या सगळ्या या एका फाइलच्या पोटातून निघाल्या. भजनी मंडळ, तालीम, महिला मंडळ, वाचनालय, कुणीही या. वरचं नाव बदलायचं, पत्ता बदलायचा, उद्देशात कुस्तीच्या जागी कीर्तन टाकायचं, की झाली तयार. संस्थेच्या नियमावलीला आमच्या धंद्यात घटनाच म्हणतात. एकदा एक गिऱ्हाईक दारातून ओरडलं, "भाऊ, दुपारपर्यंत घटना पाहिजे बरं का," तर समोर चहा पीत उभा असलेला नवा हवालदार कप खाली ठेवून विचारायला लागला, कसली घटना, कुठे होणार आहे. त्याला समजावण्यात माझा अर्धा तास गेला.

गंमत सोडा. इतक्या वर्षांत घटना वाचून सही करणारा माणूस मी पाहिला नाही, याचा मला राग आहे. लग्नाच्या हॉलचं बिल माणसं ओळ न् ओळ वाचतात, आणि जिच्यावर पुढची वीस वर्षं भांडायचं ती घटना मात्र "सही कुठे करू" एवढं विचारून मोकळी होतात. पण खरं सांगायचं तर मीही ती वाचत नव्हतो. हातांना पाठ झाली होती. प्रकरण एक नाव, दोन उद्देश, तीन सभासदत्व, चार कार्यकारिणीचे अधिकार, पाच सभासदांचे हक्क, सहा सभा. बोटं चालायची आणि डोक्यात गॅसचा सिलिंडर कधी संपेल याचा हिशोब असायचा.

त्यातल्या पाचव्या प्रकरणानं यंदा मला जो मनस्ताप दिला, तो मनातून जात नाही म्हणून लिहायला बसलो आहे.

दोन वर्षांपूर्वी चोपड्याच्या वरच्या अंगाच्या, सातपुड्याच्या पायथ्याच्या एका गावातून तीन माणसं माझ्याकडे आली. गाव लहान. शेती पावसावर, एरवी मजुरी, उन्हाळ्यात जंगलातून मोह आणि डिंक. तिथल्या अकरा घरांनी मिळून एक बोअर केला होता आणि त्याला चांगलं पाणी लागलं होतं. पाणी लागलं की भांडण लागणार, हे गावातल्या शहाण्यांनी आधीच ओळखलं आणि संस्था नोंदवायचं ठरलं. प्रत्येक घराला ठरलेल्या दिवशी पाण्याची पाळी, आणि ती पाळी सांभाळायला अध्यक्ष.

होणारे अध्यक्ष म्हणजे आबा. साठीच्या पुढचे, पांढरा सदरा, बोलणं अहिराणी आणि एकदम हळू. बोअरला जागा त्यांनीच दिली होती, तीही कुणी न मागता. दुसरे गुरुजी. प्राथमिक शाळेतून निवृत्त झालेले. आयुष्यभर नागरिकशास्त्र शिकवलेलं, ते अंगातून अजून गेलं नव्हतं. तिसरी अक्का, पंचेचाळिशीची. तिचा नवरा इथेच जळगावला पाइपच्या कारखान्यात कामाला, खोली करून राहतो. शेत ती एकटी पाहते. गावात सगळे तिला अक्का म्हणतात म्हणून मीही अक्काच म्हणालो. बाकीच्या आठ घरांनी या तिघांना सांगितलं होतं, तुम्ही ठरवाल ते आम्हाला कबूल.

मी नमुना वाचून दाखवायला सुरुवात केली. चार प्रकरणं आबांनी मान हलवत ऐकली. पाचव्याचं नाव घेतलं तसा त्यांनी हात वर केला.

"सभासदना हक्क? हाई कसाले? काढी टाका."

गुरुजी एकदम सरसावून बसले. "आबा, देशाच्या घटनेतसुद्धा हक्कांचा भाग आहे. तोही काढा म्हणता का?"

"देशमा कोन कोनाले वळखस, गुरुजी? तठे लिखनं पडस. आठे बठ्ठा घरना मानसं शेतस."

मला वाटलं, झालं, आता म्हातारा भावनेवर येणार. पण आबा भावनेवर आले नाहीत. त्यांनी मला चौथं प्रकरण परत वाचायला लावलं. अध्यक्षानं मोटर चालू करावी, बंद करावी, पाळी लावावी, सभा बोलवावी.

"यान्हामा कोनं पानी तोडानं असं लिखेल शे का?" आबांनी विचारलं.

"नाही," मी म्हणालो.

"मंग जे माले करताच येत नही, ते करू नको असं पाचवामा कसाले लिखानं?"

मी कीबोर्डवरचा हात काढला. इतकी वर्षं मी या फाइलीवर जगलो आणि असा प्रश्न मला एकदाही पडला नव्हता. आबांचं म्हणणं चोख होतं. दिलेले अधिकार मोजकेच असतील तर बाकीचं सगळं आपोआप सभासदांचंच राहिलं. ते वेगळं लिहायची गरज काय?

त्यांचं संपलं नव्हतं. "आनि यादी करी का यादीना बाहेरनं गयं. तुम्ही लिखशात, पाळीना दिन पानी भेटी. उद्या कोनं घर पेटनं, त्याले पाळी नसताना पानी देवानं का नही? कोनी कागद काढी आनि म्हनी, हाई यादीमा नही. लगननी यादी करतस ना, तसं व्हयी. ज्यानं नाव राह्यनं तो जनमभर रुसस."

आमच्याकडच्या लग्नांच्या याद्या मी पाहिल्या आहेत. एका मावशीचं नाव राहिलं म्हणून दोन घरांचं बोलणं बंद झालेलं मला ठाऊक आहे. त्यामुळे मी आबांकडे कौतुकानं बघत होतो, हे कबूल करतो.

गुरुजींनी सोडलं नाही. "न लिहिलेलं विसरलं जातं, आबा. आज तुम्ही आहात. उद्या दुसरा कुणी बसेल. अडचणीत सापडलेल्या माणसानं बोट कशावर ठेवायचं? अध्यक्षाच्या स्वभावावर?"

"मना सोभाववर इस्वास नही का तुमना?"

झालं. माझ्या दुकानात असे वाद नेहमी याच ठिकाणी येऊन मरतात. तोपर्यंत दोघंही अकलेनं बोलत होते. एकदा विश्वासाचं नाव निघालं की समोरच्यानं मान खाली घालायची, कारण जागा त्यांनी दिलेली, वय त्यांचं मोठं, आणि संध्याकाळी त्यांच्याच मोटरसायकलवर मागे बसून गावाला जायचं. गुरुजींनी मान खाली घातली. मला तेव्हाच चिडून काहीतरी बोलायला हवं होतं. मी घड्याळ पाहिलं.

हक्क हा शब्द तसा आमच्या गावांमधून फारसा ऐकू येत नाही. बहिणीकडून जमिनीचं हक्कसोड पत्र घ्यायचं असतं तेव्हा तो तलाठ्याच्या टेबलापर्यंत येतो. नाहीतर 'तो माझा हक्काचा माणूस' असं म्हणतात, म्हणजे ज्याला विचारायची गरज नाही असा. दोन्ही वेळा कुणीतरी काहीतरी सोडलेलं असतं. हे मला आज सुचतं. त्या दिवशी सुचलं असतं तर उपयोग होता.

शेवटी आबांनी अक्काकडे पाहिलं. "तू सांग अक्का. तुले हक्क पाहिजे का?"

अक्का हसली. पदर सावरत म्हणाली, "माले पानी पाहिजे, आबा. हक्क काय करू?"

सगळे हसले. मीही हसलो. गुरुजी सगळ्यांत शेवटी हसले. मग त्या तिघांच्या डोळ्यांदेखत मी पाचवं प्रकरण निवडलं, पुसून टाकलं आणि सहाव्याला पाच नंबर दिला.

आणि लाइट गेली.

इन्व्हर्टरची बॅटरी तेव्हा मेलेलीच होती. अर्ध्या तासानं लाइट आली, मशीन सुरू केलं, फाइल उघडली. नाव बरोबर, पत्ता बरोबर, अकरा सभासदांची नावं बरोबर. मी छापली. पुसलेलं सेव्ह झालं नव्हतं, हे मी पाहिलं नाही. यात विजेचा दोष काढता येईल, पण मी काढत नाही. पानं मोजली असती तरी एक पान जास्त आहे हे कळलं असतं. मी मोजली नाहीत, कारण बाहेर दोन गिऱ्हाइकं उभी होती.

तिघांनी प्रत्येक पानावर सह्या केल्या. पाचव्या प्रकरणाच्या पानावर तर आबांनी दोनदा केली, पहिल्यांदा पेन उठलं नाही म्हणून. कुणी वाचलं नाही. बाकीच्यांच्या सह्या गावात झाल्या, कागद नोंदणीला गेले, शिक्का बसला. गुरुजींनी हौसेनं सगळ्यांना झेरॉक्स वाटल्या. मी ते गाव विसरून गेलो.

यंदाच्या मार्चमध्ये एका दुपारी अक्का दुकानात आली. एकटीच. बसली नाही. प्लॅस्टिकच्या पिशवीतून घटनेची झेरॉक्स काढली, पान उलटलं आणि माझ्यासमोर टेबलावर ठेवून एका ओळीवर बोट ठेवलं.

"भाऊ, हाई वाचा."

मी वाचलं. सभासदाचे म्हणणे ऐकून घेतल्याशिवाय त्याची कोणतीही सुविधा बंद करता येणार नाही.

ही ओळ मी किती वेळा छापली असेल देव जाणे, वाचली त्या दिवशी पहिल्यांदा. आणि वाचता वाचता लक्षात आलं, ही ओळ या कागदावर असायलाच नको होती.

अक्काचं म्हणणं असं होतं. तिचं पाणी तीन पाळ्या झाल्या बंद होतं. तिच्या शेताला लागून तिच्या दिराचं शेत आहे, आणि दीर संस्थेत नाही. त्याच्या बांधाला कुणीतरी ओल पाहिली आणि आबांना सांगितलं की अक्का आपल्या पाळीचं पाणी दिराला देते. अक्का सांगत होती की पाइपचा जॉइंट निसटला होता, पाणी आपोआप तिकडे गेलं. खरं काय, मला आजही माहीत नाही. कुणालाच माहीत नाही, कारण बघायला कुणी गेलंच नाही.

"माले कोनी इचारंच नही, भाऊ," ती म्हणाली. "आबाकडे गयथु तर घरमा नही म्हने. दोनदा गयथु. भुईमूगले आऱ्या सुटी राह्यनात. आते पानी भेटनं तर शेंगा, नही तर नुसता पाला."

भुईमुगाची आरी जमिनीत शिरायच्या वेळी माती ओली लागते, एवढं मलाही कळतं. मी विचारलं, हे पान तुम्हाला कधी सापडलं? तर म्हणाली, दुसरी पाळी चुकली तेव्हा रागानं सगळा कागद काढून वाचला, एक एक अक्षर लावून, दोन दिवस लागले. इतक्या वर्षांत माझी घटना वाचणारं माणूस भेटलं ते असं.

तिला अर्ज हवा होता. अध्यक्षांना एक, नोंदणी कार्यालयात एक. 'प्रकरण पाचनुसार माझे म्हणणे ऐकून घ्यावे व तोपर्यंत माझी पाळी चालू ठेवावी.' आधीच पाणी द्या असं म्हणायचं नाही, हे तिनं ठरवलं होतं. ऐकून घ्या, हे आधी. ते वाक्य तिनं मला दोनदा परत वाचायला लावलं. खाली नाव, गाव, मोबाइल नंबर. मी टाइप केलं, छापलं, दिलं.

त्या वेळी तिला सांगायला हवं होतं की अक्का, हे पान चुकून राहिलं आहे. मी नाही सांगितलं. तिचं बोट त्या ओळीवरून हलत नव्हतं, आणि मला धीर झाला नाही. मनात म्हटलं, चूक का होईना, कामी तर आली. घरी जाताना मी चक्क खूश होतो.

ती खुशी चार दिवस टिकली. पाचव्या दिवशी आबा आले. हातात तो अर्ज, आणि घटनेची मूळ प्रत.

"भाऊ, तुमनासमोर काढेल व्हतं ना? मंग हाई कथाइन उनं?"

मी खरं सांगितलं. लाइट, बॅटरी, सेव्ह न झालेली फाइल. आबा चिडतील असं वाटलं होतं. ते उलट निवांत झाले. त्यांना भीती वाटली होती की गुरुजींनी मागाहून घुसडलं असावं. चूक माझी आहे म्हटल्यावर त्यांनी चहा मागवायला सांगितला आणि आपलं काम सांगितलं. मी एक पत्र द्यायचं, की हे प्रकरण सभासदांनी वगळायचं ठरवलं होतं आणि टायपिंगच्या चुकीनं राहिलं. ते पत्र लावून दुरुस्ती करता येईल.

"आणि अक्काचं पाणी?" मी विचारलं.

"तिनं पानी मी आजच सोडस. मनी काय दुस्मनी शे का? पन तिनी येवानं, म्हनानं, आबा पानी द्या. घरमा कोनी कागद दाखाडीसन पानी मांगस का?"

"ती दोनदा आली होती तुमच्या घरी."

"मी वावरमा व्हतु."

"मग आता ऐकून घ्या तिचं."

"ऐकसूत ना. ऐकाले काय लागस? पन कलम शे म्हनीसन नही."

माझं डोकं तापलं. मी म्हणालो, "आबा, तुम्हीच इथे बसून सांगितलं होतं, पाणी तोडायचा अधिकार चौथ्या प्रकरणात नाही, म्हणून पाचवं नको. मला ते पटलं होतं. मग अधिकार नसताना पाणी तोडलं कसं?"

आबांनी चहाचा घोट घेतला. "तोडं कोठे? पाळी लांबाडी."

पाळी लावणं त्यांच्या अधिकारात, म्हणजे लांबवणंही अधिकारात. एका महिन्यानं लांबवली काय आणि पावसाळ्यापर्यंत लांबवली काय, शब्द तोच. दोन वर्षांपूर्वी ज्या युक्तिवादाचं मी मनातल्या मनात कौतुक केलं होतं, त्याला बाहेर पडायला मागचं दार होतं आणि ते एवढं मोठं होतं की त्यातून अख्खा बोअर गेला असता. गुरुजींना ते दिसलं होतं, नीट सांगता आलं नव्हतं. मला दिसलंच नव्हतं. आणि सगळ्यांत संताप याचा की आबा खोटं बोलत नव्हते. त्यांना खरंच वाटत होतं की त्यांनी पाणी तोडलेलं नाही. त्यांनी बोअरला फुकट जागा दिली, अडीनडीला गावात पहिले धावतात, गावातल्या कुणाच्याही मुलीच्या लग्नात दोन दिवस आधीपासून मांडवात उभं राहून काम करतात. अशा माणसाला कागदावरची ओळ दाखवली की त्याला ती थप्पड वाटते. अशा माणसासाठी ओळ लिहायची कशी, ते मला कोणत्याही नमुन्यात सापडलेलं नाही.

मी विचार करायला वेळ मागितला. आबा बाहेर बाकावर बसले. मी आत बसून हिशोब मांडला. पत्र दिलं नाही तर प्रकरण नोंदणी कार्यालयातच चालेल. तिथे तारीख मिळेल, मग दुसरी तारीख, मग साहेब रजेवर. तोवर पाऊस येईल आणि भुईमूग कधीच गेलेला असेल. तिचा नवरा महिन्यातून एकदा गावी जातो, वर्षाचं धान्य आणि मुलीची फी त्या शेतावर. पत्र दिलं तर आज संध्याकाळी पाणी. शिवाय पत्रात खोटं काही नाही. चूक झाली होती, ती माझी होती, आणि चूक झाली असं लिहून देणं यात वाईट काय?

मी बाहेर आलो आणि स्वतःला फार हुशार समजून अट घातली. आधी पाणी, मग पत्र. आबांनी तिथल्या तिथे फोन लावला, व्हॉल्व उघडायला सांगितला, आणि फोन माझ्या कानाला लावून मला पाण्याचा आवाजसुद्धा ऐकवला. मी आत येऊन पत्र टाइप केलं. 'टंकलेखनाच्या चुकीमुळे सदर प्रकरण अनवधानाने समाविष्ट राहिले.' सही केली, शिक्का मारला. आबांनी खांद्यावर हात ठेवला आणि गेले.

त्या दिवशी जेवताना मी बायकोला हे सगळं रंगवून सांगितलं. एका बाईचं पीक वाचवलं म्हणून सांगितलं. तिनं विचारलं, अक्काला कळवलं का? मी म्हणालो, पाणी गेलंय तिच्या शेतात, अजून काय कळवायचं.

तीन आठवड्यांनी अक्का आली. या वेळी बसली. मी आधीच विचारलं, भुईमूग कसा आहे?

"चांगला शे. पानी दर पाळीले येस."

मला बरं वाटलं. मग तिनं सांगायला सुरुवात केली, आवाज न चढवता. माझं पत्र आल्यावर आबांनी सभा बोलावली. सभेचा दिवस नेमका तिच्या पाळीचा. ती शेतात पाणी धरत होती. पाळी सोडून सभेला गेली असती तर वाफे कोरडे राहिले असते. सभेत माझं पत्र वाचलं गेलं. टायपिंगवालाच म्हणतो चूक आहे, मग बोलायचं काय उरलं? हात वर झाले. पाचवं प्रकरण निघालं, एकमतानं.

"गुरुजी काहीच बोलले नाहीत?"

"गुरुजीस्ना हातमा काय व्हतं, भाऊ? कागदच गया."

आणि मग तिनं मला जे सांगितलं ते मला ठाऊक नव्हतं. तिचं पाणी बंद होतं तेव्हा तिनं ते पान गुरुजींना दाखवलं होतं, गुरुजींनी ते आणखी तीन घरांना दाखवलं होतं. गुरुजींचं धरून या चारही घरांच्या पाळ्या या दोन वर्षांत कधी ना कधी 'लांबल्या' होत्या, आणि त्यांनीही तोंड उघडलं नव्हतं, कारण बोट ठेवायला जागा आहे हे ठाऊकच नव्हतं. अक्काच्या अर्जावर सभा लागली की ही पाचही घरं एकत्र बोलणार होती. अकरातली पाच. सहावं घर कच्चं होतं, पण यायच्या बेतात होतं. ती फक्त स्वतःचं पाणी मागायला माझ्याकडे आलीच नव्हती, म्हणून तर अर्जात पाण्याच्या आधी ऐकून घेण्याचं वाक्य होतं. मी ते दोनदा वाचूनही मला कळलं नव्हतं.

"आते त्या बठ्ठा गप बठनात," ती म्हणाली. "म्हनतस, अक्काले पानी भेटनं, तिनं काम व्हयनं."

मी म्हणालो, "अक्का, मी पत्रात खोटं काही लिहिलं नाही. ती चूक खरंच माझी होती."

"खोटं कोन म्हनस?"

"तुमचा भुईमूग जळत होता. मला वाटलं..."

ती उठली. पिशवी काखेत घेतली. दारापर्यंत गेली आणि वळून, रागावल्यासारखं नाही, समजावून सांगितल्यासारखं म्हणाली,

"अर्जवर मना फोन नंबर व्हता, भाऊ. तुम्हीच टाइप करेल व्हता. पत्र लिखाना आगोदर एक फोन करी लेता. मी सांगेल असतं, जळू द्या भुईमूग."